मधल्याचा गाळा

मधल्याला मारायचं, हे ठरलं भर दुपारी, जेवणाची भांडी अजून टेबलावर असताना. ठरवलं धाकट्याने. थोरले खुर्चीत डोळे मिटून बसले होते, धाकट्याची बायको उरलंसुरलं झाकून ठेवत होती आणि थोरल्यांची बायको, वहिनी, नळाखाली पेले विसळत होती. तिने हातातला पेला नीट पालथा घातला, हात पुसले आणि विचारलं,

"कशाने?"

"कशाने म्हणजे?" धाकटा म्हणाला.

"कशाने गेले म्हणून सांगायचं? माणूस काहीतरी होऊनच जातो ना, भाऊजी."

"छातीत कळ आली म्हणू. झोपेतच."

"त्यांची छाती चांगली आहे," वहिनी म्हणाली, आणि तिला स्वतःच्याच बोलण्याने कसंसंच झालं.

कारण मधला कधी नव्हताच. सासऱ्यांना मुलगे दोनच, थोरले आणि धाकटा. मधला त्यांनी वसाहतीसाठी केला होता.

सासऱ्यांच्या तरुणपणी सरकारला लहान कारखानदारांचा उमाळा आला होता. ओसरीवर, जिन्याखाली, गोठ्यात ठोकाठोक करणाऱ्यांना सरकारने उचललं आणि गावाबाहेरच्या माळावर त्यांच्यासाठी वसाहत बांधली. सगळे गाळे सारख्या उंचीचे, सारख्या खिडक्यांचे. भाडं नावापुरतं. पत्र्याच्या घंटीची वाटी दाबणारा प्रेस सरकारनेच हप्त्यावर दिला आणि तिच्यावर निकेलचा मुलामा कसा चढवायचा ते शिकवायला एक तोंडाळ मास्तरही धाडला. पत्रा तेव्हा खुल्या बाजारात मिळत नसे, सरकार देईल तेवढाच. पुढे तर नियम झाला की सायकलच्या घंट्या फक्त लहान कारखान्यांनी बनवायच्या, मोठ्यांनी तिकडे हात लावायचा नाही. सरकारने आपल्याला कडेवर घेतलंय, असं सासरे म्हणायचे. पण कडेवरच्या पोराने वाढायचं नसतं. यंत्रं ठरल्या मर्यादेपलीकडे गेली की तुम्ही मोठे, आणि मोठे झालात की पत्राही बंद आणि घंट्याही बंद. मागणी मात्र पोत्यांनी येत होती. मग वसाहतीत सगळ्यांनी एकच युक्ती काढली. वाढायचं, पण तुकड्यातुकड्यांनी. एक गाळा एका भावाचा, दुसरा दुसऱ्याचा, तिसरा मेहुण्याचा, आणि मधे भिंती.

सासऱ्यांना शेजारशेजारचे तीन गाळे हवे होते. ते स्वतः वाटप समितीवर असल्याने त्यांच्या नावावर काही घेता येत नव्हतं. मेहुणा एका पायावर तयार होता, पण परक्याला मालक केलं तर तो उद्या खरंच मालक होऊन बसेल, अशी त्यांना धास्ती. जो नाहीच तो हिस्सा कसा मागेल, असं म्हणून त्यांनी समितीपुढे तिसऱ्या मुलाचं नाव सांगितलं. समितीने मान डोलावली. त्या काळी सरकारला द्यायचीच घाई होती. थोरल्या आणि धाकट्याच्या मधोमध एक माणूस जन्माला आला, तो थेट कर्तासवरता, कामात तरबेज, लग्न न केलेला.

वहिनी सून होऊन आली तेव्हा तिला हे सांगितलं गेलं ते एखाद्या घरगुती विनोदासारखं. तपासनीस आला की सगळ्यांनी म्हणायचं, मधले आत्ताच बाहेर गेले. आणि ते म्हणायची पाळी नेहमी तिच्यावर यायची, कारण बाईमाणसाला कोणी उलट विचारत नसे. तिने ते काम मनापासून केलं. मधल्या गाळ्यातल्या खुंटीवर तिने एक खाकी डगला टांगला. तो नवाकोरा दिसू नये म्हणून त्याची कोपरं दगडावर घासून विरवली. तपासनीस वसाहतीच्या फाटकातून आत शिरला की ती चहा करायची, अर्धा कप स्वतः प्यायची आणि उरलेला मधल्याच्या टेबलावर ठेवायची. चहासुद्धा पुरा न घेता गेले बघा, म्हणायची. नवरा दिवसभर प्रेसच्या खडखडाटात, घरात बोलायला कोणी नाही. दुपारी ती त्या रिकाम्या गाळ्यात जाऊन बसू लागली. तो कसा दिसत असेल, कसा बोलत असेल, हे तिने तिथे बसून ठरवलं. ते मात्र तिने कधी कोणाला सांगितलं नाही. सांगण्यासारखं ते नव्हतंच.

पुढे वारं फिरलं. सरकारने एके दिवशी सगळ्यांना कडेवरून खाली उतरवलं. घंट्या आता कोणीही बनवाव्यात, असं जाहीर झालं आणि मोठ्या कारखान्यांच्या स्वस्त घंट्यांनी बाजार भरला. वसाहतीतले गाळे एकेक करून मिटले. आता फाटकापासून शेवटच्या रांगेपर्यंत चालत गेलं तरी माणूस दिसत नसे. दिसायच्या त्या गंजलेल्या पाट्या आणि तुटक्या काचांमधून बाहेर आलेलं गवत. या घराचे दोन गाळे तेवढे धुगधुगत होते आणि त्यांच्या मधला, कुलूपबंद, तिसरा.

आणि आता नवीनच टूम निघाली होती. सरकारचं म्हणणं, लहान राहू नका, एक व्हा. शेजारचे गाळे जोडून जे एकत्र येतील त्यांना नवीन यंत्र आणि मुलाम्याची सामाईक टाकी. जे येणार नाहीत त्यांचे गाळे परत घेऊन माळ मोकळा करणार. अट इतकीच की प्रत्येक मालक अधिकाऱ्याला समक्ष भेटला पाहिजे, आपापल्या गाळ्यात, आपल्या तोंडाने हो म्हणाला पाहिजे. अधिकारी बाई उद्या सकाळी यायच्या होत्या.

"मेला म्हटलं की वारस विचारतील," थोरले डोळे न उघडता म्हणाले. "कुठे जाळला, कुठे पुरला, विचारतील."

धाकट्याच्या बायकोचं मत पडलं की तो परदेशी गेला म्हणावं. धाकट्याने तिला गप्प केलं, मग स्वतःच म्हणाला की तेही वाईट नाही. एरवी धाकटा थोरल्यांना पाण्यात पाहायचा. मागच्या वाटणीपासून दोघांत धड बोलणं नव्हतं. पण गाळे जाणार म्हटल्यावर तो पहिल्यांदाच आपणहून या घरी जेवायला आला होता. दादाला लागेल ते वाढा, म्हणत होता.

थोरल्यांची मुलगी इतका वेळ दारात उभी राहून ऐकत होती. तिला घरात ठिणगी म्हणत. मुलाम्याचं काम तीच बघायची आणि घंट्यांचा धंदा टिकला तर तिच्यासाठीच टिकणार होता.

"खरं सांगू या," ती म्हणाली. "आजोबांनी खोटं नाव दिलं होतं. ते गेले, आम्ही सुधारतोय. बाई काही खाणार नाहीत आपल्याला."

"गाळे खातील," धाकटा म्हणाला.

"खाल्ले तर खाल्ले, काका. नसलेल्या माणसाला मारत बसण्यापेक्षा बरं."

थोरल्यांनी डोळे उघडून लेकीकडे पाहिलं आणि ती म्हणते तसंच करू, असं सांगून टाकलं. धाकटा रागाने उठला, पण गेला नाही. पुन्हा बसला. वहिनीला वाटलं, आपल्यालाही कोणीतरी विचारेल. पण तिला कोणी विचारलं नाही. ती भांडी आवरत राहिली. मधल्याला आता कायमचं नाही म्हणायचं होतं. घरात एकही माणूस कमी होणार नव्हता, तरी तिला सुतक आल्यासारखं वाटत होतं.

सकाळी सगळे मिळूनच वसाहतीत गेले. ऊन चांगलं वर आलं होतं. आपल्या रांगेत वळताना ठिणगी अचानक थांबली. पुढे कुठेतरी घंटी वाजली होती, एकच ठोका. घंटी जोडून झाली की खटका दाबून वाजवून बघतात, तसा. धाकट्याकडे आज सुट्टी होती आणि थोरल्यांचा गाळा अजून उघडायचा होता.

"वारा असेल," धाकटा म्हणाला. वारा नव्हता.

मधल्या गाळ्याचं दार उघडं होतं. त्याची किल्ली वहिनीच्या कमरेला होती, तिने हात लावून पाहिलं. आणि दारातून अधिकारी बाई बाहेर आल्या. तरुण होत्या, पायात चालायचे बूट, खांद्याला पिशवी. त्यांनी हसून नमस्कार केला.

"मी जरा लवकरच पोचले," त्या म्हणाल्या. "बरं झालं. मधल्या मालकांशी निवांत बोलता आलं."

मग धाकट्याने विचारलं की कोणाशी बोललात, आमच्या रखवालदाराशी का? बाई म्हणाल्या, रखवालदार फाटकावर होता, त्यानेच वाट दाखवली. आत होते ते तुमचे भाऊ. उंच, जरा वाकलेले. खाकी डगला. बोलताना वर बघत नाहीत.

"डाव्या भुवईत खाच आहे त्यांच्या," बाई वहिनीकडे वळून म्हणाल्या, बायका बायकांशी बोलतात तशा. "मी विचारलं तर म्हणाले, लहानपणी जिन्यावरून पडलो होतो. फार साधा माणूस आहे, काकू."

वहिनीने भिंतीला हात टेकला. ती खाच तिने केली होती. एका दुपारी, त्या गाळ्यात बसून, नुसती मनात. जिनासुद्धा.

ठिणगी पुढे झाली. बापाकडे बघून तिने सगळं सांगितलं, आडपडदा न ठेवता. आजोबांनी तिसरा मुलगा कसा बनवला, समितीने कशी मान डोलावली, घरातल्यांनी आजवर कशी थाप मारली. असा कोणी माणूस नाही, तुम्हाला कोण भेटलं ते आम्हाला माहीत नाही, काय दंड असेल तो करा. ती बोलत असताना बाईंच्या चेहऱ्यावरचं हसू हळूहळू मावळत गेलं. पण त्यांना आलेला राग ठिणगीला वाटलं होतं त्या गोष्टीचा नव्हता.

"हे मी पहिल्यांदा ऐकत नाही," बाई म्हणाल्या. "जिथे जिथे गाळे एक करायची वेळ आली, तिथे असाच कोणीतरी नाहीसा होतो. विधवा भावजय असते, भोळा भाऊ असतो. घरचे म्हणतात, असा कोणी नाहीच. ही योजना लहान माणसासाठी आहे, आणि तुमच्यात सगळ्यात लहान तेच आहेत."

"अहो, पण ते नाहीतच," ठिणगी म्हणाली.

"माझ्याशी बोलले ते." बाईंनी आवाज चढवला नाही. "मी त्यांना विचारलं, इतक्या वर्षांत आमचा एकही माणूस तुम्हाला कसा भेटला नाही? तर म्हणाले, मी बाहेर गेलोय असं का सांगतात ते मला कळत नाही. मी कधीच कुठे गेलो नव्हतो."

सगळ्यांत आधी सावरला तो धाकटा. त्याने वहिनीकडे पाहिलं, थोरल्यांकडे पाहिलं, घसा खाकरला आणि म्हणाला, आमची पुतणी तापट आहे, मनावर घेऊ नका. भावाभावांत थोडं वाजलं होतं, म्हणून ती असं बोलली. मधला आमचाच आहे. त्याचं म्हणणं काय आहे तेवढं सांगा.

त्याच्या बायकोने त्याची बाही ओढली. त्याने ती सोडवून घेतली.

मधल्याचं म्हणणं बाईंनी सांगितलं. एकत्र यायला त्यांची हरकत नाही. नवीन यंत्र त्यांच्या गाळ्यात बसावं. दोन्ही भिंती मात्र राहाव्यात, त्यांना दारं पाडावीत, आणि दारांच्या कड्या त्यांच्या बाजूने असाव्यात. बाईंना यात काही गैर वाटत नव्हतं. इतकी वर्षं कोंडून ठेवलेल्या माणसाने एवढं मागावं हे त्यांना उलट शहाणपणाचं वाटत होतं.

"दादा, हो म्हण," धाकटा म्हणाला.

थोरल्यांनी बायकोकडे पाहिलं. लग्नानंतर कामाच्या गोष्टीत त्यांनी तिच्याकडे असं पाहिल्याचं तिला आठवत नव्हतं. "तू सांग," ते म्हणाले. "तुझी त्याची ओळख जास्त."

वहिनी आत गेली. गाळ्यात उजेड होता, सारख्या खिडक्यांचा सारखा उजेड. खुंटी रिकामी होती. टेबलावर कप होता, अर्धा प्यायलेला. तिने बोटांच्या मागच्या बाजूने त्याला शिवून पाहिलं. चहा अजून ऊन होता. कोपऱ्यात कोणी उभं असेल तर तिला दिसलं असतं, इतका गाळा लहान होता. ती पुन्हा पुन्हा कोपऱ्यांकडे बघत होती, आणि तिच्या लक्षात आलं की आपण ज्या कोपऱ्याकडे बघतो त्याच्या पाठचा कोपरा भरलेला वाटतो.

"भाऊजी," ती हळू आवाजात म्हणाली. "मी काही वाईट हेतूने नव्हतं केलं."

उत्तर आलं नाही. पण तिला वाटलं, कोणीतरी ऐकून घेतलंय. बाहेर येऊन तिने मान हलवली, आणि थोरले हो म्हणाले.

मंजुरी आली ती सगळ्यांच्या अपेक्षेपेक्षा लवकर. यंत्र आलं, टाकी आली, भिंतींना दारं पाडली, कड्या मधल्या बाजूने बसल्या. मुख्य म्हणून बाईंनी मधल्याचंच नाव ठेवलं होतं. त्याशिवाय तुम्ही लोक त्याला पुन्हा बाहेर काढाल, असं त्या स्पष्टच बोलल्या होत्या. वसाहतीत खूप दिवसांनी गजबज झाली. बंद पडलेल्या गाळ्यांतले जुने कामगार विचारत आले आणि त्यांतले बरेच कामाला लागले. ठिणगीच्या टाकीतून निघालेल्या घंट्यांत तोंड दिसायचं. बाजारातून पुन्हा मागणी येऊ लागली. थोरले आणि धाकटा जेवायला एकत्र बसू लागले.

सकाळी कामगार यायच्या आधी दोन्ही दारांच्या कड्या निघालेल्या असत. कोण काढतं, हे पहिल्या दिवशी ठिणगीने विचारलं. वहिनी म्हणाली, मी नाही. किल्ली माझ्याकडे बाहेरच्या दाराची आहे, आतल्या कड्यांना किल्ली नसते. ठिणगीने मग ती गोष्ट सोडून दिली. एकदा माल मोजताना तिच्या तोंडून निघून गेलं की हा गठ्ठा मधल्या काकांनी बाजूला काढलाय, त्यात दोष आहे. बोलून झाल्यावर ती थबकली. गठ्ठा उघडला तर आतल्या प्रत्येक घंटीचा खटका खरंच आखडत होता. त्या रात्री तिला नीट झोप लागली नाही. दुसऱ्या दिवशी मात्र तिने तसाच बाजूला काढलेला दुसरा गठ्ठा न उघडताच भंगारात टाकला.

धाकट्याची बायको त्या गाळ्यात पाऊल टाकत नसे. तिचं म्हणणं, आत गेलं की आपण पाहुणे वाटतो. धाकट्याला ते पटत नव्हतं, पण तोही हल्ली मधल्या गाळ्यात शिरताना विडी विझवायचा. आणि वहिनी रोज चहा करायची. पूर्वीसारखा अर्धा कप पिऊन नव्हे. पुरा भरून आत ठेवायची आणि वळून न बघता निघून यायची. तिला त्याचा चेहरा आता आठवत नव्हता. ती डोळे मिटायची, भुवई जुळवायची, डगला जुळवायची, पण मधे काहीच येत नसे. पूर्वी तो तिच्या हातातला होता. आता तो दुसऱ्या कोणाच्याही माणसासारखा, आपलं आपलं राखून होता.

मोठ्या मागणीचे दिवस होते तेव्हाची गोष्ट. सकाळी सगळे कामावर आले तर कड्या निघालेल्या नव्हत्या. थोरल्यांच्या बाजूचं दार बंद, धाकट्याच्या बाजूचंही बंद. वहिनीने बाहेरचं कुलूप काढलं, पण तेही दार आतून कोणी रेटून धरल्यासारखं सरकेना. धाकट्याने खांदा लावला, मग अजून एकाने लावला. दार लाकडाचं होतं, जुनं, तरी हललं नाही. माल दुपारच्या गाडीला जायचा होता. ठिणगी म्हणाली, बिजागरी काढू या. कामगारांपैकी एकजण हत्यार आणायला वळलासुद्धा.

थोरल्यांनी त्याला थांबवलं. ते दारापाशी गेले. त्यांनी डोक्यावरची टोपी काढून हातात घेतली. वडिलांपुढेही ती त्यांनी कधी काढली नव्हती. पाठीत वाकून, दाराच्या फटीशी तोंड नेऊन ते म्हणाले,

"मी, तुझा दादा. येऊ का आत?"

सगळे उभे होते. थोरले तसेच वाकून, एका बाजूला कान देऊन ऐकत राहिले, मधेच मान डोलावली, पुन्हा ऐकलं. वहिनी त्यांच्या अगदी मागे होती. तिला दारापलीकडून काहीएक ऐकू आलं नाही, आणि त्याचंच तिला फार वाईट वाटलं.

मग थोरले सरळ झाले. त्यांनी टोपी डोक्यावर ठेवली आणि कामगारांकडे वळून हात हलवला.

"चला, घरी चला," ते म्हणाले. "आज नको म्हणतोय."

लोक डबे उचलून फाटकाकडे चालू लागले. कोण, असं कोणी विचारलं नाही.